पुलाला सारवू नका

मोहफुलं पडायला लागली की आमच्या टोल्यावरची, त्या छोट्या वस्तीवरची, माणसं खाली मान घालून चालतात. झाडाखालचा पाचोळा आधीच जाळलेला असतो. त्या काळ्या राखेवर फिकट पिवळी फुलं टपटपतात आणि टोपली घेतलेली प्रत्येक बाई वाकलेली असते. हवेला गोड, किंचित आंबूस वास असतो. तो कपड्यांना, केसांना, भाकरीलाही लागतो. या दिवसांत मीही खाली पाहूनच चालते, पण माझी नजर फुलांवर नसते. मी नाल्यावरच्या पुलाच्या फळ्या पाहत असते. कोणती पिचली, कोणती एका बाजूने उचलली, कोणत्या फटीत पानं अडकली. बालाघाटच्या भाड्याच्या खोलीतून दर चैत्रात मी गावी येते ती एवढ्यासाठी. पुलाचं काम आहे असं सांगितलं की शहरातले ओळखीचे हसतात. पूल म्हटलं की त्यांना ठेकेदारच आठवतो.

आमचा पूल पाहून ठेकेदार आठवणार नाही. उकव्याहून बैहरकडे जाणारी बस जिथे घटकाभर थांबते, तिथून एक पायवाट सरईच्या, म्हणजे सालवृक्षांच्या, जंगलात शिरते. उतरत उतरत ती नाल्याशी येते. नाल्यापलीकडे आमचा टोला. थोडी आमची बौद्धांची घरं, थोडी गोंडांची, दोन-चार कुणब्यांची. मधे नाल्यावर दोन साजाची, म्हणजे ऐनाची, खोडं आडवी टाकलेली आहेत, त्यांच्यावर फळ्या, बाजूला बांबूचा कठडा. गाडी जात नाही, बैलही जात नाही. माणूस जातो, डोक्यावरचा भारा जातो, सायकल हातात धरून नेता येते. हा पूल बांधला ते वर्ष मला त्याच्या वासांवरून आठवतं. सोललेल्या सालीचा तुरट वास, जळक्या ऑइलचा काळा वास, आणि या सगळ्यावर पसरलेला मोहाचा.

त्या चैत्रात सुजाताची दहावीची परीक्षा नुकतीच संपली होती. सुजाता माझ्या काकाची मुलगी. अकरावीसाठी तिला उकव्याला जायचं होतं, आणि काकाने घरात सांगून टाकलं होतं, की या पावसाळ्यात वाट बंद झाली तर शाळाही बंद. काका काही मुलीच्या शिकण्यावर उठलेला माणूस नव्हता. आदल्या भादव्यात नाल्यावरचा सरकारी रपटा खचला, तेव्हा सुजाता त्याच्यावर होती. रपटा म्हणजे सिमेंटच्या नळ्या टाकून वर केलेला ठेंगणा कट्टा. नळ्यांत पानं अडकली, पाणी वरून वाहू लागलं, कडेची माती गेली आणि कट्टा एका बाजूने बसला. काकाने तिला वेणीला धरून ओढून काढलं. दप्तर वाहून गेलं. त्या दिवसापासून काका नाल्याकडे पाठ करून जेवायला बसायचा.

तो रपटा पहिला नव्हता. त्याच्याआधीचे दोन असेच गेले होते. आमच्यासाठी जे बांधलं जातं ते कामचलाऊ असतं, आणि ते तसं आहे हे सगळ्यांना मुकाट मान्य असतं. जंगलातल्या चार घरांना एवढं पुरे. फोटो निघेपर्यंत उभं राहिलं म्हणजे झालं. मला या शब्दाचा राग आहे. कामचलाऊ शाळा, कामचलाऊ दवाखाना, कामचलाऊ वाट. ज्यांचं काम चालतं ते कधीच त्या वाटेने चालत नाहीत.

राग मला घरातूनच मिळाला आहे. शाळा हिंदी होती. मराठी मी पत्रकांवर शिकले. बाबा खाणीत कामाला होते, आणि दर विजयादशमीला नागपूरला जाऊन आले की त्यांच्या पिशवीत पुस्तिका आणि पत्रकं असायची. गुलाबी, पिवळी, हिरवी, हाताला शाई लागणारी. वाचून झाली की आई ती फळीवर डब्यांखाली अंथरायची. डबे पुसायच्या निमित्ताने मी वाचायची. ‘अ’ अननसाचा मला फार उशिरा भेटला. त्याआधी मला ‘अन्याय’ लिहिता येत होतं. अजूनही माझं वाक्य मागणीवर जाऊन थांबतं, आणि ते बदलावं असं मला वाटत नाही.

म्हणून रपटा खचल्यावर, त्याच वर्षी थंडीच्या तोंडाशी, मामाने पूल आपणच बांधू म्हटलं, तेव्हा आमच्या घरात भांडण पेटलं. दशरथमामा, माझ्या आईचा धाकटा भाऊ, खाणीत टिंबरमन होता. जमिनीखाली छताला लाकडाचे टेकू लावायचं काम. आवाज मोठा, बढाई त्याहून मोठी. चहा प्यायला बसला की आपण नसतो तर अर्धा डोंगर खाली आला असता, असं सांगायचा.

"आपन बांधला तं सरकार सुटलं," बाबा म्हणाले. "उद्या म्हनतीन, यायले जमते, यायले काहून द्याचं?"

"अन् नाई बांधला तं?" मामा म्हणाला. "तुमी मोर्चा काढा भाऊजी, मी नाई म्हनत नाई. पन मोर्चा बी तं नाला उतरूनच जाईन ना?"

मी बाबांच्या बाजूची होते. आजही त्या मुद्द्यात मला खोट दिसत नाही. हक्काची वस्तू स्वतःच्या घामाने बनवून घ्यायची आणि वर स्वावलंबनाचं कौतुक ऐकायचं, हा गरिबांशी खेळलेला जुना डाव आहे. मी ते मामाला ऐकवलं, चांगलं तावातावाने. मामा म्हणाला, "तुहा पर्चा छापून झाला का? मंग चहा ठेव."

सुजाता दाराशी तांदूळ निवडत बसली होती. सूप न थांबवता म्हणाली, "तुमचं दोघायचं भांडन अकरावीच्या पह्यले संपन का बारावीच्या नंतर? मले तसं सांगून द्या."

मग बाबांनी चप्पल घातली आणि मामाबरोबर नाल्याकडे गेले.

दोन्ही साज काकाच्या शेताच्या धुऱ्यावरचे, बांधावरचे होते. परवानगीच्या कागदासाठी बाबांनी बैहर तहसीलच्या फेऱ्या मारल्या, त्यात चपलेचा अंगठा तुटला. झाडं थंडीतच तोडायची होती, आणि मामाचं म्हणणं, अंधाऱ्या पाखातच. उजेड्या पाखात तोडलेल्या लाकडाला घुण लागतो. इथे कोणालाही विचारा, बांबू असो की लाकडाची बल्ली, चंद्र पाहिल्याशिवाय कुऱ्हाड लावत नाहीत. मी म्हटलं, हा अंधविश्वास आहे. मामा म्हणाला, "तू चंद्राले पर्चा दे." शेवटी मी अडून बसले, की एक झाड अंधाऱ्यात तोडा, एक उजेड्यात, आणि पाहू. काकाने कपाळाला हात लावला, पण तसंच झालं. इतके पावसाळे झाले, दोन्ही खोडं सारखीच टणक आहेत. मामा दर वर्षी उजेड्यातल्या खोडावर कान ठेवतो आणि म्हणतो, सुरुवात झाली हाये. मी वाट पाहते आहे.

तोडलेली खोडं सोलून सावलीत दगडांवर ठेवली. चैत्र लागेपर्यंत ती वाळली, आणि मोहफुलांबरोबर काम सुरू झालं. सकाळी फुलं वेचायची, उन्हं चढली की ती अंगणात पसरायची, आणि मग सगळ्यांनी नाल्यात उतरायचं. नाल्यात पाण्याची एक बारीक रेघ उरली होती. पायाखालचे गोटे तापलेले. मधे खांब घालायचा नाही, हे पहिल्याच दिवशी ठरलं. खांब असला की पूर त्याला पानं, फांद्या, मेलेली झाडं आणून टेकवतो आणि मग ढकलतो. उंची किती ठेवायची, यावर मात्र दोन दिवस वाद झाला. काठावरच्या एका झाडाच्या फांदीत जुन्या पुराचं वाळकं गवत अडकलं होतं. मामाने तिथे खूण केली. कपडे धुणाऱ्या बायांनी त्याला वेड्यात काढलं. त्याच्याहून वर, दुसऱ्या फांदीत, कोणाच्या तरी लुगड्याची चिंधी होती.

"ते माहं लुगडं होय," गोंडांच्या घरातली एक म्हातारी म्हणाली. "दगडावरून गेलतं. पानी तेवढ्यावर आलतं म्हनून तं तिथं गेलं. मी का झाडावर चढून टांगलं?"

पूल त्या चिंधीच्या वर बांधला.

याच दिवसांत जुन्या पुलाचं लाकूड सापडलं. रपट्यांच्याही आधी, आजोबांच्या काळात, इथे खोडांचा पूल होता. तो का मोडला असं विचारलं की सगळे म्हणायचे, पुराने नेला. त्यातलं एक खोड काठाच्या घाणेरीत पडलेलं होतं. मामाने पहार मारली तर मधल्या भागावरून ती टणकन उडाली. टोकाला मारली तर मुठीपर्यंत आत गेली. टोक ओल्या भुशासारखं झालं होतं, आणि त्या भुशावर शेण-मातीचा बोटभर जाड थर होता. थरावर थर. दर दसऱ्याला, दर पोळ्याला, बायांनी पुलाची दोन्ही टोकं सारवली होती. जशी चूल सारवतात, उंबरा सारवतात. जिथे खोड काठावर टेकतं तिथे ओल कायम राहिली, हवा लागली नाही, आणि पुराच्या आधीच पूल तिथून गेला होता. पुराने फक्त उचलून नेला.

सारवणाऱ्यांत माझी आईही होती, नवी नवरी असताना. मामा सगळ्यांसमोर ओरडला, की नव्या पुलाला कोणी शेणाचं बोट लावायचं नाही.

आईला ते लागलं. "घर सारवाचं, आंगन सारवाचं," ती म्हणाली, "अन् ज्याच्यावर रोज पाय ठेवतो त्याले उघडं बोडकं ठेवाचं? तो का परका हाये?"

"बाई, तू लाड करून राह्यली, अन् लाकूड सडून राह्यलं."

"लाडानं सडते हे मले मालूम हाये. तू माहा लहान भाऊच होय ना."

नाल्यात सगळे हसले. मामाही हसला, पण त्याने खोडांची टोकं मातीत टेकू दिली नाहीत. काठावर दगड रचून ओटा केला, त्यावर सपाट दगड, त्यावर खोड, आणि टोकाभोवती हात फिरेल एवढी मोकळी जागा. फळ्यांमध्ये बोटभर फट. टोकांना ट्रकवाल्याकडून आणलेलं जळकं ऑइल पाजलं. मी म्हटलं, लोखंडी गर्डर मागितला असता तर? मामा म्हणाला, "लोखंड मुकं असते. मोडाच्या आधी काही बोलत नाई. लाकूड बोलते. खाली खानीत आमी त्याच्याच भरवशावर जेवाले बसाचो." एवढं एक वाक्य तो बढाई न मारता बोलला.

आई आठवडाभर पुलाकडे फिरकली नाही. मग एका सकाळी कमरेला पदर खोचून, खराटा घेऊन गेली आणि फळ्यांच्या फटींतली सरईची पानं काढू लागली. "सारवू नको म्हनतो ना? मंग झाडीन. त्याले तं कोनाचा बाप नाई म्हनत नाई." बाकीच्या बाया तिच्यामागे गेल्या. सारवणाची पाळी होती तशीच झाडण्याची पाळी लागली. माझ्या मते पूल टिकला तो इथे. खोड साजाचं होतं म्हणून टिकला हे खरं, दगडावर ठेवलं म्हणून टिकला हेही खरं. पण फटींत पानं कुजू लागली की कुठलंही लाकूड जातं. पाणी येणारच, त्याला जायला जागा ठेवायची आणि ती जागा दररोज मोकळी करायची. हे काम कधी संपत नाही, आणि त्याचं उद्घाटनही होत नाही.

एक दिवस सरपंच आले. वाईट माणूस नव्हते. सावलीत उभे राहून त्यांनी घाम पुसला आणि पुलाकडे पाहिलं.

"बढ़िया है," ते म्हणाले. "पर भैया, अब मैं ऊपर क्या लिखूँ? पुल बन गया तो लिखना पड़ेगा कि आवश्यकता समाप्त।"

बाबा माझ्याकडे पाहत होते. त्यांना भीती होती नेमकी याचीच. मी म्हटलं, "आप मत लिखिए, हम लिखते हैं।"

त्याच दिवशी मी पत्रक लिहिलं. एका बाजूला हिंदी, दुसऱ्या बाजूला मराठी. मराठी बाजू अशी होती: ‘हा पूल आम्ही बांधला आहे. लाकूड आमचं, दगड नाल्याचे, हात आमचे. याचा अर्थ आमची गरज संपली असा कोणी लावू नये. तहानलेल्याने डबक्यातलं पाणी प्यायलं म्हणून विहिरीचा हक्क जात नाही. आम्ही टिकेल असं बांधलं, ते आम्हाला टिकाऊ वस्तूची किंमत कळते म्हणून. आता तुम्हीही तसंच बांधा. तोवर आम्ही याच पुलावरून तुमच्या दारात येत राहू.’ बाबांनी ते वाचलं, ‘किंमत’च्या जागी ‘गरज’ करावं का, असा विचार केला, आणि नाही केलं. पत्रकं उकव्याच्या बाजारात वाटली, लामत्याच्या नातेवाइकांनाही पाठवली. आजही मागणी तशीच उभी आहे. सरपंच बदलले. नवीन येतात, पूल पाहतात, बढ़िया म्हणतात. आम्ही पुन्हा पत्रक देतो. मला लोक विचारतात, थकत नाहीस का? पुलावर दर आठवड्याला नवी पानं पडतात. आई थकल्याचं मी पाहिलं नाही.

या वर्षी चार फळ्या बदलायच्या आहेत. काल संध्याकाळी मी पुलाखाली उतरले, खोडाच्या टोकाभोवती हात फिरवला. कोरडं होतं. वरून कोणीतरी फुलांची टोपली घेऊन गेलं आणि फटीतून दोन फुलं माझ्या खांद्यावर पडली. लाकूड किंचित करकरलं. मामाच्या भाषेत, बोललं. त्या आवाजाने मला पूल बांधला त्या वर्षीचा भादवा आठवला.

तेव्हा झड लागली होती. दिवस-रात्र एकच आवाज, घरात बोलायचं तर कानाशी तोंड न्यावं लागे. शाळा दोन महिने सुरळीत चालली होती. सुजाता रोज पुलावरून जात होती, काका रोज काठापर्यंत येऊन उभा राहत होता. झड थांबली त्या सकाळी आम्ही सगळे नाल्यावर गेलो. पाणी उतरू लागलं होतं, पण अजून तांबडं, फुगलेलं, घोंघावतं. पूल जागेवर होता. वरच्या अंगाचा बांबूचा कठडा नव्हता. खोडांच्या खालच्या बाजूला ओलं गवत लोंबत होतं. फळ्यांवर चिखल, पानं, काटक्या.

काकाने ते गवत पाहिलं. "पान्यानं शिवलं पुलाले," तो म्हणाला. "आता नाई."

"शिवलं तं शिवलं," मामा म्हणाला. "हाललं का? पाह्य, एक दगड सरकला का?"

"कठडा गेला."

"कठडा जान्यासाठीच होता. पुरात लकडा वाहत आला, कठडा त्याच्यासंग गेला, पूल राह्यला. मजबूत कठडा बांधला असता तं त्यानं पुलाले संग नेलं असतं."

बाबा काही म्हणाले, मीही म्हणाले. वर्ष वाया जाईल, हक्क आहे, आता माघार घेतली तर सगळ्यांच्या मुली घरी बसतील. सगळं खरं होतं. काकाने आमचं ऐकून घेतलं.

"तुमी सगळे बोलता," तो म्हणाला. "तिचे केस माह्या हातात होते."

  

सुजाताने आईच्या हातातला खराटा घेतला. त्या दिवशी पाळी सुजाताच्या घराची होती. तिने पहिल्या फळीवरचा चिखल ओढून खाली लोटला, फटीतली काटकी बोटाने काढली, दुसऱ्या फळीवर गेली. आम्ही पाहत होतो. पाळीचं काम होतं, कोण अडवणार? ती वाकून झाडत होती, खराट्याचा खर्रखर्र आवाज पाण्याच्या आवाजात बुडत-वर येत होता. मधोमध ती थांबली, पाय रोवून एक मोठी फांदी ढकलली. फांदी प्रवाहात पडली आणि दिसेनाशी झाली. काकाचा हात आपोआप पुढे आला, मूठ मिटली, उघडली. ती पुन्हा वाकली. तिच्या पाठीवर दप्तर आहे हे मला तेव्हा दिसलं. सकाळपासून होतं. पूल झाडायला दप्तर कशाला, असं कोणाच्याच मनात आलं नव्हतं.

"सुजा, बस झालं. ये वापस," काका ओरडला.

"तिकडलं टोक राह्यलं, बाबा."

तिने तिकडलं टोक झाडलं. खोडाभोवतीची जागा हाताने मोकळी केली. हात नाल्याकाठच्या गवताला पुसले. खराटा तिथल्या दगडाच्या ओट्याला नीट टेकवून उभा केला. मग ओढणी सारखी केली आणि मागे न पाहता पायवाटेने वर चढू लागली. सरईच्या झाडांत तिचा निळा कुर्ता थोडा वेळ दिसला. रस्त्यावरून बसचा भोंगा ऐकू आला.

काका बराच वेळ काठावर उभा होता. मग आई म्हणाली, "भाऊजी, खराटा आनून द्या. उद्या माही पाळी हाये."

खराटा पलीकडे होता. काकाने चपला काढल्या, हातात घेतल्या, आणि पहिल्या फळीवर पाय ठेवला.